म्सिस्का सरांचा जोड्यांचा खेळ

म्सिस्का सर मला सातवीला होते. एखाद्या शब्दाचा अर्थ कुणी 'एक प्रकारचा पक्षी' असा सांगितला की सर हातातला खडू टेबलावर ठेवून द्यायचे. कुठल्या प्रकारचा? काय खातो? झाडावर बसतो की दगडावर? उत्तर मिळेपर्यंत खडू परत उचलला जायचा नाही. मुझुझू शहरातल्या डोंगरी थंडीत, काच फुटलेल्या खिडकीशेजारी दाटीवाटीने बसून आम्ही त्या एका पक्ष्याच्या मागे अर्धा तास घालवायचो, आणि तो पक्षी जन्मभर लक्षात राहायचा.

सरांचं गाव वर, न्यिका पठाराच्या उतारावर. तिथल्या फोका लोकांची बोली शहरात उतरलेल्या त्यांच्या मुलांना निम्मीच कळते, नातवंडांना तर कळतच नाही. सर नोकरीत होते तेव्हापासून तिचे शब्द गोळा करत होते. दर सुट्टीला वर जायचे, म्हाताऱ्या बायकांच्या चुलीपाशी बसायचे, मध काढणाऱ्यांबरोबर रानात हिंडायचे आणि येताना पुठ्ठ्याच्या चौकोनी तुकड्यांनी खिसे भरून आणायचे. तुकड्याच्या एका बाजूला शब्द, मागच्या बाजूला त्याचा अर्थ. एकेका अक्षराला बिस्किटांचा एकेक पत्र्याचा डबा. 'एम'पर्यंतचे डबे कॉम्प्युटरवर चढवून झाले होते. त्यातलं बरंचसं टायपिंग माझ्याच दुकानात, माझ्याच हाताने झालं होतं. 'एन'पासून पुढच्या तुकड्यांची मागची बाजू मात्र कोरी होती. वर गेले की सर फक्त शब्द टिपायचे, अर्थ नंतर घरी एकेक डबा घेऊन लिहायचे, आणि 'एम' संपवून निवृत्त झाल्यावर त्यांनी हाताने लिहायचं सोडलं. म्हणायचे, आता वेळच वेळ आहे, अर्थ थेट मशीनमध्येच लिहीन. अर्थ सगळे त्यांच्या डोक्यात होते.

बस डेपोच्या रस्त्यावर माझं दुकान आहे. फोटोकॉपी, पासपोर्टचे फोटो, टायपिंग आणि कॉम्प्युटरची दुरुस्ती. सरांचा जुना कॉम्प्युटर वीज जाऊन एकदम परत आली त्या धक्क्याने जळाला, तेव्हा शब्दकोशाची फाइल वाचली ती माझ्याकडे तिची नक्कल होती म्हणून. त्यानंतर एप्रिलमध्ये सरांच्या मुलीने, लुसुंगूने, त्यांना नवाकोरा लॅपटॉप घेऊन दिला. मीच तो सुरू करून दिला, फाइल त्यात घातली आणि सरांच्या डोळ्यांना झेपतील इतकी अक्षरं मोठी करून ठेवली. बनवणाऱ्यांनी त्यात आधीपासूनच ढीगभर खेळ कोंबले होते. पत्ते, गाड्यांची शर्यत, फळं फोडायचा एक, फुलापानांची चित्रं असलेल्या फरशांच्या जोड्या लावायचा एक. नव्या लॅपटॉपमध्ये असतंच ते. कुणी सांगितलं नाही म्हणून मी काढले नाहीत.

जूनमध्ये एका दुपारी लुसुंगू लॅपटॉप काखेत मारून दुकानात आली. कॉफी पिकवणाऱ्यांच्या सहकारी संस्थेत ती कारकून आहे, जेवणाच्या सुट्टीत आली होती. तिच्यामागून सर आले, तपकिरी कोट घातलेले, टोपी हातात धरून.

"टोवेरा, ह्यातले सगळे खेळ काढून टाक," ती म्हणाली. "एकही ठेवू नकोस."

मग तिने सगळं सांगितलं. आदल्या आठवड्यात ताप आला म्हणून ती दुपारीच घरी आली होती, तर अदादा जोड्या लावत बसलेले. (आमच्याकडे वडलांना अदादा म्हणतात.) दुसऱ्या दिवशी मुद्दाम मध्येच येऊन पाहिलं, तरी तेच. फाइल उघडून बघितली तर दोन महिन्यांत फक्त अकरा शब्द वाढलेले. तिची आई जाऊन चार वर्षं झाली होती. जाताना आईने हिच्याकडून वचन घेतलं होतं, की बापाचं पुस्तक पुरं होईल असं बघ. "सात बदल्या झाल्या यांच्या," लुसुंगू म्हणाली, "आणि सातही वेळा आईने ते डबे डोक्यावरून वाहिले. आणि हे बसलेत फुलांना फुलं जुळवत."

सर हसले. म्हणाले, माझी मुलगी आता माझी हेडमास्तर झालीय. नंतर थोडं पुढे वाकून हळू आवाजात मला म्हणाले, "पत्ते काढ, गाड्या काढ. फळं फोडायचा तो मूर्खपणाही काढ. जोड्यांचं तेवढं राहू दे, न्या-गोंद्वे. सकाळी एकदाच खेळतो." गोंद्वे माझं माहेरचं आडनाव. आमच्याकडे बाईला मान देऊन बोलवायचं तर असंच. सातवीत असल्यापासून सर मला, काही हवं असलं की, असं बोलवायचे.

लुसुंगूने ऐकलंच. "दारुडाही असंच म्हणतो, अदादा. सकाळी एकच."

मला हसू आलं. सरही हसले, जरा उशिराने.

मी एकेक खेळ काढायला घेतला. दर वेळी मशीन विचारत होतं, नक्की काढायचा का? मी होय म्हणत होते. जोड्यांच्या खेळाशी आले तेव्हा सरांकडे पाहिलं. त्यांनी मानेनेच मुलीकडे खूण केली, ती म्हणेल तसं. काढला. काही वेळाने मशीन परत सुरू केलं तर एक-दोन खेळ आपोआप परत येऊन बसलेले, कारण इंटरनेटवरून ते पुन्हा ओढले जात होते. मी तोही रस्ता बंद केला. पुन्हा पुन्हा सुरू करून पाहिलं. स्क्रीन अगदी स्वच्छ, एका कडेला शब्दकोशाची फाइल, बाकी काही नाही. काम चोख झालं म्हणून मला बरं वाटलं होतं, हे मी लपवत नाही.

ऑगस्टच्या शेवटी लुसुंगूचा फोन आला. अदादांकडून काहीतरी दाबलं गेलंय, अक्षरं एवढी मोठी झालीत की एक ओळ पानभर होते, जाता येता बघून ये. आवाजात आनंद होता. म्हणाली, आता रोज दहा शब्द होतात, तू खेळ काढलेस ते फार चांगलं झालं.

मी गेले तेव्हा ती कामावर गेलेली होती. सरांनी दार उघडलं, "या, या," म्हणाले, खुर्ची पुसून दिली. नाव घेतलं नाही. मला त्यात काही वाटलं नाही. अक्षरं लहान करायला दोन मिनिटंसुद्धा लागली नाहीत. टेबलावर 'एन'चा डबा उघडा होता. सरांनी त्यातला एक तुकडा काढून माझ्यापुढे धरला.

"हं, हा सांग बघू."

मला एकदम सातवीत गेल्यासारखं झालं. मी खालच्या सपाटीवरची, फोका बोली मला यायची नाही, पण हा शब्द आमच्या बोलीतल्या शब्दाच्या जवळचा होता. मी सांगितलं, पाण्यात भिजून मऊ पडलेली वेताची चटई. सर म्हणाले, शाबास. आणि मी बोलले ते जसंच्या तसं त्यांनी एका बोटाने टाईप केलं.

दुसरा तुकडा काढला. हा काही मला येईना. सरांना चिडवायचं म्हणून, त्यांनी खडू खाली ठेवावा म्हणून, मी तोंडाला येईल ते बोलले, "नवऱ्याशी भांडून झाडावर जाऊन बसलेली बाई."

"शाबास," सर म्हणाले आणि टाईप करू लागले.

मी वाट बघत राहिले, आता हसतील. ते अक्षरं शोधत होते. न, मग व, मग र. दुसऱ्या शब्दावर आले तेव्हा मी म्हटलं, "सर, थट्टा केली मी. मला तो शब्द येत नाही."

त्यांचं बोट थांबलं. ते लॅपटॉपकडेच बघत राहिले.

"तुम्ही सांगा ना त्याचा अर्थ," मी म्हटलं.

त्यांनी तुकडा हातात घेतला, पालटला. मागची बाजू कोरी. परत पालटला.  बाहेर कुणीतरी धुणं वाळत घालत होतं, त्या ओल्या कपड्यांचे फटके ऐकू येत होते. शेवटी सर म्हणाले, "हा धडा उद्या घेऊ."

तेव्हा माझ्या ध्यानात आलं. ते माझी परीक्षा घेत नव्हते. मला विचारत होते.

मी न विचारताच लॅपटॉप माझ्याकडे वळवला. जूननंतरचं सगळं वाचलं. ओळीमागून ओळ, 'एक प्रकारचं झाड'. 'एक प्रकारचं गवत'. 'एक प्रकारचा माणूस'. मागे 'बी' आणि 'के'मध्ये येऊन गेलेले शब्द पुन्हा आलेले, वेगळेच अर्थ घेऊन. काही जागी जुना नीट अर्थ पुसून तिथे दुसराच लिहिलेला. मी टाईप केलेली पानं होती ती, मला ती पाठ होती.

"कधीपासून, सर?"

सरांनी उत्तर सरळ दिलं. लुसुंगूची आई गेली त्याच्या पुढच्या वर्षापासून, म्हणाले. आधी नावं जायची, मग परत यायची. मग शब्द. त्यांच्या मोठ्या भावाचंही असंच झालं होतं, तेव्हा पुढे काय असतं ते त्यांना ठाऊक होतं.

"हे तापासारखं नसतं," ते म्हणाले. "कपाळाला हात लावून समजत नाही. सकाळी उठतो तेव्हा मला माहीत नसतं, आज डोकं आहे की गेलंय. मग ह्या मशीनमध्ये ते जोड्यांचं सापडलं. आठ मिनिटांत सगळ्या जोड्या उठल्या तर दिवस चांगला. त्या दिवशी डबा उघडायचा, एक शब्द घ्यायचा. नाही उठल्या, तर दिवसभर खेळत बसायचं. पण शब्दांना हात लावायचा नाही. वाईट दिवशी मी चुकीचं लिहितो, आणि चुकीचं आहे हे मला कळतही नाही. माझ्यामागे कुणाला कळणार? वरती तपासणारं आता कोण राहिलंय?"

म्हणजे दोन महिन्यांत झालेले ते अकरा शब्द. अकरा चांगले दिवस.

 मी म्हटलं, सर, त्या दिवशी दुकानात का नाही बोललात? लुसुंगूला आधीच का नाही सांगितलंत?

"तिला वाटतं मी आळशी झालोय," सर म्हणाले. "आळशी बापावर रागावता येतं. ती रागावते, भांडी आपटते, मग हसते, आम्ही जेवतो. हे कळलं ना, की ती माझ्यावर रागावायची थांबेल. ते मला नको आहे." आणि मग त्यांनी माझा हात धरून शब्द घेतला, तिला सांगायचं नाही.

मी दिला. सातवीतल्या मुलीने द्यावा तसा दिला.

पुढच्या शनिवारी लुसुंगू चर्चच्या गायनाच्या सरावाला गेली असताना मी परत गेले. जोड्यांचा तो खेळ परत घालायचा मी सगळा आठवडा प्रयत्न केला होता. पण जो लॅपटॉपबरोबर आला होता तो मिळेना. आता इंटरनेटवर त्याच नावाचा नवा होता. चित्रं वेगळी, भडक, वरती पळणारं घड्याळ, आणि मध्येच कसल्या कसल्या जाहिराती उसळून येत. मी तोच घालून नेला. सरांनी माझ्या समाधानासाठी तो दोनदा खेळून पाहिला. एका फरशीवर बोट ठेवायचे, तिची जोडी शोधेपर्यंत पहिली कुठे होती ते हरवायचं, आणि घड्याळ संपायचं. तिसऱ्यांदा त्यांनी हात मागे घेतला.

"छान आहे," म्हणाले. "पण हे मला नव्याने शिकावं लागेल, आणि शिकायचं तेच तर होत नाही आता. जुना हाताला बसला होता."

मी तो काढून टाकला. ह्या वेळी मशीनने विचारलं, नक्की का, तेव्हा होय दाबायला बोट उचलेना.

एक गोष्ट मी केली. शब्दकोशाची एप्रिलमधली नक्कल माझ्या दुकानातल्या मशीनवर होती, ती वेगळी काढून जपून ठेवली. त्या अकरा शब्दांची पानं जोडली. जूननंतर लिहिलेल्यांतलेही काही शब्द खरे असणार, एखाद्या चांगल्या सकाळी लिहिलेले. पण खरा कुठला, खोटा कुठला, हे सांगणारं कुणी नव्हतं. मी गप्प राहिले. शब्द दिलाय असं स्वतःला सांगत राहिले. खरं सांगायचं तर खेळ माझ्या हाताने गेले होते, आणि ते लुसुंगूसमोर बोलायचं माझ्या जिवावर आलं होतं.

ऑक्टोबरमध्ये ती आपण होऊनच आली. माझ्यासाठी कॉफीची पुडी आणि कागदात बांधलेल्या गरम, तळलेल्या गोड मांडासी आणल्या होत्या. पेन ड्राइव्ह माझ्यापुढे ठेवून म्हणाली, सगळं छाप, नीट बांधून दे. नोव्हेंबरच्या दुसऱ्या शनिवारी वरती गावी तिच्या आईच्या कबरीवर दगड बसवायचा होता. सगळे नातेवाईक जमणार होते. नव्या दगडावर झाकलेलं कापड काढलं की लगेच तिथेच अदादांच्या हातात पुस्तक द्यायचं, असं तिने ठरवलं होतं.

"चार महिन्यांत साडेसहाशे शब्द झाले," ती म्हणाली. "आईला दिलेला शब्द मी पाळला, टोवेरा. तुझ्यामुळे."

हातातली मांडासी मी कागदावर परत ठेवली. मी फाइल उघडली आणि स्क्रीन तिच्याकडे वळवला.  म्हटलं, तूच वाच.

ती आधी उभ्या उभ्या वाचत होती. मग स्टूल ओढून बसली. 'एक प्रकारचं झाड.' 'एक प्रकारचं गवत.' त्यांच्यामध्ये कुठेतरी 'नवऱ्याशी भा' एवढंच अर्धवट राहिलेलं. ती काही फोकाची जाणकार नव्हती, पण त्या बापाची मुलगी होती. पूर्वी कुणी असं लिहिलं असतं तर घरात काय झालं असतं हे तिला माहीत होतं.

मग मी सगळं सांगितलं. चांगले दिवस, वाईट दिवस, आठ मिनिटं.  मी थांबल्यावर ती म्हणाली, "दहा शब्द झाल्याशिवाय मी चहा देत नव्हते. गमतीने. ते म्हणायचे, थांब हं, दोनच राहिलेत. आणि लिहायचे."

तिने स्क्रीनवरून नजर काढून माझ्याकडे पाहिलं.

"तुला कधी कळलं?"

"ऑगस्टमध्ये."

"आणि तू गप्प बसलीस."

"सरांनी शब्द घेतला होता माझ्याकडून."

"आईने माझ्याकडून घेतला, अदादांनी तुझ्याकडून," ती म्हणाली. "आमच्या घराचं वाटोळं शब्दांनीच केलं." मग तिने विचारलं, तो खेळ परत घालता येईल का? मी म्हटलं, घालून पाहिला. तिने मान हलवली.  फोटोकॉपीला आलेल्या एका मास्तरांना मी हाताने खूण करून नंतर यायला सांगितलं. जाताना ती एवढंच म्हणाली, एप्रिलपर्यंतचं छाप, आणि ते अकरा. बाकीचं पुसून टाक. मी पुसलं नाही, बाजूला ठेवलं. आजही ठेवलेलं आहे.

नोव्हेंबरात आम्ही ट्रकच्या मागे बसून वर गेलो. आमच्याकडचा वर्षअखेरचा पाऊस अजून लागला नव्हता, रस्ता लाल धुळीने भरलेला. दगडावरचं कापड निघालं, गाणी झाली, पाद्री बोलले. मग लुसुंगूने पुस्तक सरांच्या हातात दिलं. सरांनी पानं उलटली, एका जागी बोट ठेवलं आणि मोठ्याने वाचायला लागले, शब्द आणि त्याचा अर्थ, दरीतून वर चढणारं धुकं कमरेपर्यंत येऊन थांबतं त्याला काय म्हणायचं. आवाज जुनाच, वर्गातला. म्हाताऱ्या बायकांनी होय होय म्हटलं. सरांनी आणखी तीन वाचले. लुसुंगू कबरीच्या पलीकडे उभी राहून कमरेला गुंडाळलेल्या चिटेंजेच्या टोकाने नाक पुसत होती. बघणाऱ्यांना वाटलं आईसाठी रडतेय.

जेवण झाल्यावर ती 'एन'चा डबा घेऊन सरांच्या थोरल्या बहिणीपाशी बसली. आणखी दोघीतिघी म्हाताऱ्या जमल्या. लुसुंगू एकेक तुकडा वाचून दाखवायची, त्या अर्थ सांगायच्या, ती मागच्या कोऱ्या बाजूवर लिहायची. काही शब्दांवर वाद झाले, हशा झाला. पण निम्मे तुकडे तसेच परत डब्यात गेले. ते शब्द मध काढणाऱ्यांचे, शिकाऱ्यांचे, लोहारांचे. ती माणसं केव्हाच गेली होती. ज्या एका माणसाला त्यांनी ते सांगितले होते तो आमच्या शेजारी चटईवर बसून जेवत होता.

एकदा एका तुकड्याशी सरांनी मान वर केली. "हा," म्हणाले. "हा दगडांच्या मागे. वर. सकाळी..."  लुसुंगूने पेन टेकवलं. सरांचा हात हवेत वर गेला होता, काहीतरी दाखवत असल्यासारखा, वर कुठेतरी. आम्ही वाट पाहिली. मग तो हात खाली आला आणि सरांनी आपल्या बहिणीला विचारलं, घेवडा उरलाय का? तिने त्यांच्या ताटात घेवडा वाढला.

परतीच्या वाटेवर ट्रकमध्ये सर माझ्याशेजारी होते. लुसुंगू पुढे, ड्रायव्हरशेजारी बसली होती. बरंच अंतर गेल्यावर सर म्हणाले, "लुसुंगू हल्ली ओरडत नाही माझ्यावर."

मी रस्त्याकडे बघत राहिले.

"कळलं का तिला?"

मला खोटं बोलता आलं असतं. माझ्याकडून ते झालं नाही, आणि खरंही बोलवलं नाही. सरांनी टोपी डोळ्यांवर ओढली.

त्यानंतर फार दिवस मिळाले नाहीत. पावसाळाभर ते झपाट्याने उतरत गेले. पुढच्या जूनमध्ये, आमच्याकडच्या थंडीच्या कडाक्यात, छातीत कफ होऊन सर गेले. पुरायला वरतीच नेलं, बायकोशेजारी. पुस्तक 'एम' आणि अकरा शब्द इथे थांबलेलं आहे. त्याच्या दोनशे प्रती निघाल्या, शाळांना दिल्या. एका मास्तरांनी मला विचारलं होतं, पुढचा भाग कधी?

सर गेल्यावर दोन आठवड्यांनी लुसुंगू दुकानात आली. तसं खास काम काही नव्हतं. म्हाताऱ्यांनी अर्थ सांगितलेल्या तुकड्यांच्या फोटोकॉपी काढून हव्यात म्हणाली, आणि मी त्या काढत असताना मशीनच्या आवाजात बोलायला लागली. आवाज चालू होता म्हणूनच बोलली असावी.

मार्चमधली गोष्ट, म्हणाली. ती संध्याकाळी कामावरून घरी आली तर अदादा लॅपटॉपपुढे बसलेले. लॅपटॉप बंद होता. त्यांनी तिच्याकडे वळून पाहिलं आणि घाईने उठून उभे राहिले, पाहुण्यासमोर राहावं तसे.

"मला म्हणाले, बाई, माझी मुलगी आत्ता येईल. तिला सांगाल का, की मी आज कामाला बसलो होतो? दिवसभर बसलो होतो म्हणून सांगा."

"मग?"

"मी म्हटलं, सांगते. मग मागच्या दाराने बाहेर गेले. पपईच्या झाडाखाली उभी राहिले थोडा वेळ. पुढच्या दाराने परत आत आले आणि हाक मारली, अदादा, मी आले."

फोटोकॉपीच्या मशीनमधला कागद संपला होता. मी नवा घातला नाही.

"ओळखलं त्यांनी तुला?"

"त्या वेळी ओळखलं," ती म्हणाली. "म्हणाले, लुसुंगू, बाहेर एक बाई उभी होती, भेटली का तुला? म्हटलं, भेटली, सांगितलं तिने सगळं. मग म्हणाले, तिला आत तरी बोलवायचंस. किती वेळ उभी होती बिचारी."